तिघांचा एक सदरा

"हलू नका मामा," शिंपी म्हणाला. "चारच टाके राहिलेत."

ड्रायव्हरमामांत हलायचं त्राण होतं कुठे? तीन दिवसांच्या तापाने त्यांचं पार पोतेरं झालं होतं. कोठडीच्या भिंतीला टेकून ते बसले होते. एका बाजूला पाववाला, दुसऱ्या बाजूला शिंपी. आणि शिंपी मामांचा सदरा आपल्या आणि पाववाल्याच्या सदऱ्याला शिवत होता, बगलेपासून कमरेपर्यंत. अर्ध्या सुईच्या टोकाने भोक पाडायचं आणि घोंगडीचा दोरा, टोकाला साबण लावून ताठ केलेला, त्यातून ओवायचा. पहारेकऱ्यांचे कपडे शिवताना सुई मोडली, असं सांगून त्याने हा तुकडा मागे ठेवला होता. त्यासाठी दोन मुस्कटात खाल्ल्या होत्या.

आठ जणांच्या कोठडीत सव्वीस जण होते. युद्ध सुरू झालं तसं कुणाला दुकानातून उचललं, कुणाला बसच्या सीटवरून. गुन्हा कोणता, हे विचारायची सोय नव्हती. पाणी दिवसाला एक डबा. रोज सकाळी अंगणात तासभर मोजणी. मोजणीत जो पडला त्याला मागच्या इमारतीत नेत, आणि दोन दिवसांनी त्याचे कपडे तेवढे परत येत. ते उसवायला, सांधायला शिंप्याकडेच यायचे. मामांचा सदरा त्या गठ्ठ्यात बघायची त्याची छाती नव्हती.

घंटा झाली. तिघं उठले, आणि शिंप्याने कपाळावर हात मारला. बसल्या बसल्या शिवलं होतं! पाववाला ताडमाड उंच. तो उभा राहिला तसे मामा एका बाजूने वर उचलले गेले आणि त्यांच्या टाचा अधांतरी राहिल्या.

"माप उभ्याने घेतात रे," पाववाला पुटपुटला. "हे मला भट्टीवाल्यालाही कळतं."

"गप चल. हात खाली सोड, म्हणजे शिवण झाकेल."

दारातून तिघं आडवे आडवे, खेकड्यासारखे बाहेर पडले.

अंगणात पाच-पाचच्या रांगा लागल्या. पहारेकरी दंडुक्याने एकेकाच्या खांद्याला टोचत मोजू लागला. पलीकडे टेबलाशी मोठा साहेब वही घेऊन बसला होता. मामांची मान पाववाल्याच्या दंडावर कलली. शुद्ध गेली होती. पण माणूस उभा होता.

पहारेकरी शिंप्यापुढे थांबला. त्याच्या कोटाचं छातीवरचं बटण लोंबत होतं.

"ए शिंप्या, रांगेबाहेर ये. हे लावून दे आधी. साहेब ओरडतोय."

एक पाऊल पुढे टाकलं की तिघंही उघडे पडणार होते.

"तुम्हीच जवळ या ना साहेब. रांग मोडली तर मोजणी पहिल्यापासून करावी लागेल."

ते खरं होतं. पहारेकऱ्याने खिशातून सुई आणि रीळ काढून दिलं आणि छाती पुढे केली. शिवायला शिंप्याला दोन्ही हात वर घ्यावे लागले. शिवण उघडी पडली. पहारेकऱ्याची नजर खाली वळू लागली.

"हलू नका," शिंपी म्हणाला. दुकानातली सवय, दुसरं काय! त्या अंगणात पहारेकऱ्याला असं आजवर कुणी सांगितलं नव्हतं. आणि पहारेकरी खरंच हलला नाही. फक्त डोळे फिरले. शिवणीवरून ते मामांच्या मिटल्या पापण्यांवर गेले, तिथून अधांतरी टाचांवर. शिंप्याचे हात चालतच होते. त्याने दोऱ्याला पीळ दिला, गाठ मारली, वाकून दोरा दातांनी तोडला.

पहारेकऱ्याने बटण ओढून पाहिलं. "टिकेल?"

"माणूस लोंबला तरी सुटणार नाही, साहेब."

हेही दुकानातलंच, गिऱ्हाइकाला सांगायचं वाक्य. बोलून गेल्यावर त्याचा अर्थ शिंप्याच्या ध्यानात आला. पाववाल्याने तर डोळेच मिटून घेतले.

पहारेकऱ्याने मामांच्या खांद्याला दंडुका लावला, अगदी हलकेच. मग उरलेले मोजले आणि टेबलाकडे बघून ओरडला, "सव्वीस! सगळे उभे!"

सुई आणि रीळ शिंप्याच्या मुठीतच राहिलं. सुया मोजून देणारा आणि मोजून घेणारा तो माणूस ते मागायला परत आला नाही. विसरणाऱ्यांपैकी तो नव्हता, हे सव्वीसच्या सव्वीस जणांना ठाऊक होतं. त्या दिवशी कोठडीत कितीतरी दिवसांनी कुणीतरी हसलं.

शिंप्याने सगळं उसवून, उभ्याने माप घेऊन पुन्हा शिवलं. रोज उसवलं तर कापड फाटेल, म्हणून तिघं दिवसरात्र तसेच राहिले. प्रत्येकाने आपल्या पाण्यातला एकेक घोट मामांसाठी काढला.

पाचव्या दिवशी घंटेच्या जरा आधी मामांनी शिंप्याला कोपराने ढोसलं.

"उसव आता."

"अजून दोन दिवस राहू द्या मामा. अंगात ताकद कुठे आहे?"

"अरे, कोपऱ्यातल्या बादलीशी जायचं तर तुमची दोघांची वरात न्यावी लागते! उसव म्हणतो ना."

शिंप्याने उसवलं. मामा भिंत धरून निघाले. पंचवीस जणांनी तोंडं फिरवली, पण कान तिकडेच होते. एक पाऊल, थोडं थांबणं, आणखी एक पाऊल. शिंप्याला कधी नव्हे ते रडू आलं.

घंटा झाली. "चला," मामा म्हणाले आणि सगळ्यांच्या पुढे दाराकडे निघाले.