पडदा लाल झाला तेव्हा

पोट न फाडता, तोंडातून दुर्बीण घालून जठरातली गाठ काढणारा तो डॉक्टर मोठ्या सर्जनसाहेबांच्याच हाताखाली शिकलेला. आता पेशंट त्याच्याकडे रांग लावायचे आणि साहेब जळफळत त्याला चारचौघांत ‘नळीवाला’ म्हणायचे.

आज साहेब त्याच्या पाठीशी उभे राहून पडद्याकडे बघत होते. गाठ अर्धी सुटली आणि एकदम रक्त उसळलं. पडदा लालभडक झाला.

‘आता मार मला हाक!’ साहेब मनात म्हणाले. मास्कआड त्यांना चक्क हसू फुटलं.

नळीवाल्याने शांतपणे शीर डागली, रक्त थांबवलं, गाठ अख्खी बाहेर काढली आणि वळून साहेबांचा हात धरला.

 

“सर, तुमचा तर जीव टांगणीला लागला असेल ना? आता काळजी सोडा, वहिनींना दोन दिवसांत घरी न्या.”