सायकलचं कुलूप

शाळेतल्या नोकरीचा पहिला दिवस, आणि अंगणात तिची सायकल नळाच्या पाइपाला साखळीने जखडलेली. साखळीला आकडे फिरवायचं नवंकोरं कुलूप.

"आकडा सांगा," ती म्हणाली.

जाळीच्या दाराआड नवरा पायावर पाय टाकून बसला होता. "तीनच तर आकडे आहेत. गणिताची मास्तरीण ना तू? काढ शोधून."

पहिल्या जागी दहा अंक, दुसऱ्या जागी दहा, तिसऱ्या जागी दहा. दहा गुणिले दहा गुणिले दहा, म्हणजे हजार. शाळा भरायला अर्धा तास. हजार तर हजार, म्हणत ती दातओठ खात खाली बसली. अंदाजपंचे दाहोदरसे करायचं नाही, ओळीने जायचं, हेच तर ती पोरांना शिकवणार होती. तिने तीन शून्यं जुळवली आणि हिसका दिला.

कुलूप उघडलं.

आनंद राहिला बाजूला, तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. दुकानातून आलेला आकडा त्याने बदललासुद्धा नव्हता. बायको कुलपाला हात लावून बघेल, एवढीही धास्ती त्याला वाटली नव्हती.

तिने नवा आकडा बसवला, साखळी जाळीच्या दाराच्या कडीत ओवली आणि कुलूप खटकन लावलं.

नवरा ताडकन उठला. "अगं ए, मला कामावर जायचंय! आकडा काय?"

"जाळीतून हात बाहेर येतो तुमचा," सायकलवर टांग मारत ती म्हणाली. "बसा ओळीने फिरवत. तीन शून्यं तेवढी सोडा, ती तुमची होती. नऊशे नव्व्याण्णवच उरलेत."