सावंतांच्या घरातले धपके

सोमवार, ९ नोव्हेंबर १९८७, सकाळचे सहा वाजून चाळीस मिनिटे. वरच्या मजल्यावरून अकरावा धपका आला, तसा अण्णा रेग्यांनी चहाचा कप खाली ठेवला.

"ऐकलंस?"

"दसऱ्यापासून रोज ऐकतेय," सुहासिनीबाई कणीक मळता मळता म्हणाल्या. "धोंडूभाऊ आणि त्यांचा मुलगा नंदू पहिल्या पाळीला गेले की पाच मिनिटांत सुरू. खिडक्यासुद्धा लावून घेते धोंडूभाऊंची वनमाला."

धोंडू सावंतांची सून, नंदूची बायको शुभा हा नाहूरच्या त्या तीन मजली इमारतीचा कौतुकाचा विषय होता. लग्नापूर्वी ती मुलुंडला ज्युदो खेळत असे. अठ्ठेचाळीस किलो गटात सलग दोन वर्षे राज्याची विजेती. लग्न ठरल्यावर मुलुंडला तिचा सत्कार झाला, त्या दिवशी तिने दीडपट वजनाच्या एका मुलाला असे अलगद आडवे केले होते, की टाळ्या वाजवायचेही अण्णांना भान राहिले नाही.

साकीनाक्याच्या कारखान्यात अण्णांची सारी नोकरी तयार मालाच्या तपासणीत गेली होती. एखादी गोष्ट कशी चालते हे कळेपर्यंत त्यांना चैन पडत नसे. आणि इथे तर ताळमेळच लागत नव्हता. जी मुलगी भल्याभल्यांना पाठीवर पाडते, ती घरात मार का खाते?

दुपारी शुभा जिन्यात भेटली. हातात रॉकेलचा डबा होता, दोन बोटांना चिकटपट्टी होती. पदर सावरताना उजव्या खांद्याजवळ, गळपट्टीच्या हाडाखाली काळानिळा डाग दिसला.

"हे काय गं?"

"पडले, अण्णा."

"कुठे?"

"घरातच." ती हसली.

"आणि ज्युदो?"

"ते सुटलं. लग्नातच ठरलं होतं ना तसं."

संध्याकाळी अण्णांनी धोंडूंना गॅलरीत गाठले आणि आडून विचारून पाहिले.

"बायकांनी एकमेकींच्या कॉलरी धरून लोळायचं, घरंदाज माणसांत शोभतं का, अण्णा?" धोंडू म्हणाले. "तिचा तो पांढरा डगला मी स्वतः माळ्यावर टाकलाय. पोर मात्र गुणी. शब्दाने उलटली नाही."

त्यांच्या चेहऱ्यावर लपवाछपवी नव्हती. याला काही ठाऊक नाही, अशी अण्णांनी मनाशी नोंद केली.

मंगळवारी धपके सुरू असतानाच ते वर गेले. कडी वाजवताच धपके थांबले. मग वनमालाबाईंनी दार उघडले. पदर कमरेला खोचलेला, कपाळावर घाम, छातीचा भाता झालेला. आतल्या खोलीचे दार बंद होते.

"काही पडलं का? आमच्या छताचा गिलावा हलला."

"काय नाय ओ, अण्णा. गाद्यो झाडतंय. बसा, च्या घेतास?"

त्यांनी कप पुढे केला तो डाव्या हाताने. चूक लक्षात येताच घाईने उजव्या हातात घेतला. "डावरी मेली मी. सासूबाय हातार पळी मारी, पण हात काय सुधारलो नाय."

खाली येताच अण्णा स्वयंपाकघरात बायकोसमोर उभे राहिले.

"माझी कॉलर धर. डाव्या हाताने."

"अहो, पिठाचे हात आहेत."

"धर."

सुहासिनीबाईंची मूठ बरोबर त्यांच्या उजव्या हाडाखाली येऊन टेकली.

"झालं समाधान? आता शर्ट तुम्हीच धुवा."

अण्णांना हसू आले नाही. डाग जुळला, हात जुळला, वेळ जुळली. सासूवर हात उचलायचा नाही, एवढ्या एका संस्कारापायी राज्याची विजेती मुकाट्याने मार खात होती. त्या दिवसांत वर्तमानपत्रात अधूनमधून कुठल्या ना कुठल्या सुनेचा स्टोव्ह भडकत असे. अण्णांना तो रॉकेलचा डबा आठवला. उद्या काही विपरीत घडले, तर आपण रोज ऐकत होतो आणि चहा पीत होतो, हे कोणत्या तोंडाने सांगणार?

"उगाच कुणाच्या संसारात काडी घालू नका," सुहासिनीबाई म्हणाल्या. "नवऱ्याला सांगाल तर घर फुटेल."

"फुटलेलं घर सांधता येतं," अण्णा म्हणाले.

गुरुवारी सकाळी त्यांनी धोंडूंना फाटकाशीच अडवले. नंदूला पुढे जाऊ दिले.

"आज तुमची पाळी चुकली तरी चालेल. माझ्याबरोबर वर चला. बोलू नका."

"बरं नाही का, अण्णा?"

"चला तर खरे."

दुसऱ्या मजल्यावर पोहोचायच्या आतच धपका झाला. धोंडू थबकले. दुसरा झाला, त्यापाठोपाठ एक दबलेला हुंकार. शुभाचा.  धोंडूंनी खिशातल्या चावीने दार उघडले आणि आतल्या खोलीचे दार लोटले.

खाट भिंतीला उभी केली होती. जमिनीवर गाद्या, गोधड्या कडेला कड लावून अंथरल्या होत्या. त्यांवर शुभा उताणी पडली होती. अंगात नंदूचा कारखान्यातला जुना खाकी कोट. नेसत्या साडीचा कासोटा मारलेल्या वनमालाबाई तिच्या छातीवर गुडघा रोवून होत्या, आणि त्यांच्या डाव्या मुठीत तिची उजवी कॉलर पिळवटली होती.

अण्णांनी डोळे मिटून घेतले.

"आई, कोपर अजून खाली," शुभा खालून म्हणाली. "बोरीवलीची जया डावरी आहे. ती एवढं सैल नाही सोडणार मला. उठा, परत पाडा."

वनमालाबाईंना दारातला नवरा दिसला. त्यांनी कॉलर सोडली नाही.

"पंधरवड्यान हिची लढत हा," त्या म्हणाल्या. "आत येवा, नायतर दार लावा."

 धोंडूंनी उंबऱ्यातच चपला काढल्या, आत पाऊल टाकले आणि दार लावून घेतले. अण्णा बाहेरच राहिले.

२८ नोव्हेंबर, अंधेरी, अठ्ठेचाळीस किलो गट, अंतिम लढत: शुभा सावंत विजयी. वेळ, बावीस सेकंद.