तळघरातली चाल

पडद्यावर जुन्या राजवटीचे पोलीस एका कैद्याला तळघरात रबरी दंडुक्यानं बडवत होते. त्याचे दात फरशीवर पडत होते. सोफिया शहरातल्या स्टुडिओत म्हाताऱ्या संगीतकार वेलिझारनी त्या प्रसंगाला क्लॅरिनेटवरची, लग्नात वाजावी अशी खेळकर चाल दिली होती.

दिग्दर्शिका रालित्सा वैतागली. "काका, इथे माणसाची हाडं मोडताहेत आणि तुम्ही वरात काय काढताय?"

वेलिझार आपली वाकडी बोटं चोळत म्हणाले, "मलाही असंच तळघरात नेलं होतं, पोरी. किंकाळ्या रस्त्यावर ऐकू जाऊ नयेत म्हणून त्यांनी रेडिओ मोठ्यानं लावला. त्यावर हीच चाल लागली होती."

"कुणाची चाल?"



"माझीच, पहिल्या सिनेमातली. मला मारता मारता तो शिपाई ती गुणगुणत होता."