दारावरचं हसू

वीस वर्षं कार्टूनची चित्रं काढताना तो आधी आरशात हसून बघायचा आणि मग तेच हसू कागदावर उतरवायचा. मनोरंजन पार्कातले यांत्रिक बाहुलेही त्यानं तसेच घडवले. उद्या उद्घाटन, आणि पाहुण्यांचं स्वागत करणारा दारावरचा बाहुला हसताना पार दमलेला दिसत होता. फिटरनं सकाळपासून तीनदा मोटर बदलली.

डबा घेऊन आलेली बायको फिटरला म्हणाली, "मोटरला कशाला दोष देताय? हे रोज घरी येतात ते असेच हसत."

त्यानं खिशातला आरसा तिच्यापुढे धरला. "मग तू हस. तुझं बसवतो त्याला."

ती हसली.

फिटरनं तिच्याकडे पाहिलं, मग बाहुल्याकडे, आणि पाना पेटीत ठेवला.

"वहिनी, हेच तर बसवलंय."