गाण्यात पुकारलेलं नाव

आमच्या बायेदुपार शहराकडे गाता गाता मध्येच मित्राचं नाव पुकारायची रीत आहे. माझा गायक मित्र एव्हेलियो, त्याची गाजलेली गाणी मीच लिहिली, पण माझं नाव त्यानं कधीच पुकारलं नव्हतं. परवा त्याला मायामीत मोठा संगीतपुरस्कार मिळाला. घरी मी एकटाच असतो. शेजारची एनेइदा तो सोहळा टीव्हीवर बघायला आली होती. मंचावर गाताना एव्हेलियो मध्येच ओरडला, "तोबियास, मित्रा, स्वर्गातून ऐकतोयस ना?" आणि त्याला रडू कोसळलं. मागच्या महिन्यात माझा चुलतभाऊ वारला. आजोबांचं तोबियास हे नाव आम्हा दोघांनाही ठेवलेलं. "अगं बाई, मेल्यानं जिवंतपणीच पोचवलं की तुम्हाला!" एनेइदाला हसू आवरेना. "काका, लावा फोन. म्हणावं, भूत बोलतंय!" तिनं नंबर लावून फोन माझ्यापुढे धरला. पडद्यावर एव्हेलियो अजून डोळे पुसत होता. मी फोन बंद केला. "राहू दे गं. कळलं तर रडायचा थांबेल."