विसरलेला सूर

आमच्या सूनबाईचा विसराळूपणा सगळ्यांना दिसतो, लबाडी फक्त मला. आमच्याकडे ज्याचा सूर सकाळी घरात गुणगुणला, तेच टिकतं. बाकीचं विरून जातं, आणि स्वतःचा सूर स्वतः गुणगुणून चालत नाही. ही बया चुलीचा, खाटेचा, अगदी केरसुणीचासुद्धा सूर गुणगुणते आणि नेमकी मला गाळते. विचारलं तर म्हणते, “विसरले हो, आई.” माझे पाय विरले, तरी हिचं आपलं तेच.

पोर चालायला लागेपर्यंत त्याचा सूर घरातल्या थोरल्या बाईकडेच असतो, दुसऱ्या कुणाला तो ठाऊक नसतो. आज तान्ह्याला उराशी धरून ती धावत आली. “आई, बाळाची बोटं दिसेनाशी झाली! गुणगुणा ना!”



“विसरले गं,” मी म्हटलं. “आधी माझे पाय आण, मग आठवतं का बघते.”